तीन रिकामे जानेवारी

अमेरिकी फुटबॉलमध्ये खेळाडूची किंमत जानेवारीत ठरते. सप्टेंबरपासून प्रत्येक संघ 17 साखळी सामने खेळतो, 32 पैकी 14 संघ बाद फेरीत जातात आणि तिथून पुढे हरला तो घरी, असा रोखठोक कारभार. या महिन्यात कोण मैदानात आहे आणि कोण टीव्हीसमोर, एवढ्यावरून तिथले समालोचक एखाद्याला डोक्यावर घेतात किंवा निकालात काढतात. सिनसिनाटी बेंगल्सचा क्वार्टरबॅक जो बरो हा सध्या टीव्हीसमोरच्या रांगेत आहे. 2023, 2024 आणि 2025 असे सलग तीन हंगाम त्याच्या संघाला बाद फेरीचं दार उघडता आलं नाही. त्याआधीच्या दोन हंगामांत मात्र याच माणसानं बाद फेरीचे पाच सामने जिंकले होते आणि दोन हरले होते. आता चर्चा अशी, की बरोचं नेमकं काय बिघडलं?

माझं म्हणणं असं, की हे खातंच चुकीच्या नावावर उघडलं गेलं आहे.

हा खेळ नेमानं न पाहणाऱ्यांसाठी एक गोष्ट आधी सांगायला हवी. इथे आक्रमणाचे अकरा वेगळे आणि बचावाचे अकरा वेगळे. क्वार्टरबॅक हा आक्रमणाचा सूत्रधार. समोरून सव्वाशे-दीडशे किलोचे गडी अंगावर धावून येत असताना दोन-तीन सेकंदांत चेंडू कुणाकडे फेकायचा हे त्याला ठरवायचं असतं. चेंडू सुटायच्या आत त्याला लोळवलं तर तो ‘सॅक’. पण चेंडू प्रतिस्पर्ध्याकडे गेला, की हा बाकावर. पुढचं जे काही व्हायचं ते तो आपल्यासारखाच नुसता बघतो. तरीही सामना जिंकला किंवा हरला, की निकाल लिहिला जातो त्याच्या नावावर.

बरोच्या वाट्याला जो संघ आला, त्याचा इतिहासही काही उजळ नव्हता. पॉल ब्राउन या नामांकित प्रशिक्षकानं 1968 साली बेंगल्स उभा केला आणि आजही संघ त्याच्याच कुटुंबाच्या हातात आहे. 1982 आणि 1989 साली संघ सुपर बोल या अंतिम सामन्यापर्यंत पोचला. दोन्ही वेळा समोर सॅन फ्रान्सिस्को आणि जो मोंटाना, दोन्ही वेळा पराभव. दुसऱ्या खेपेला तर शेवटची 34 सेकंदं उरली असताना मोंटानानं विजयी टचडाउन (गोलरेषेपलीकडे झेललेला पास) फेकला. जानेवारी 1991 मध्ये बाद फेरीतला एक सामना जिंकल्यावर पुढची 31 वर्षं एकही विजय नाही. मध्ये क्वार्टरबॅक म्हणून कार्सन पामर आला; 2006 च्या बाद फेरीत पहिलाच चेंडू फेकताना त्याचा गुडघा गेला. अँडी डाल्टन आला. त्यानं बाद फेरीचे चार सामने खेळले आणि चारही हरला. लोक डाल्टनला नावं ठेवत राहिले, मालक आपल्या जागी सुखात राहिले.

2019 साली, तेव्हाच्या सोळा साखळी सामन्यांपैकी चौदा हरून बेंगल्स तळाला गेला. जो तळाला, त्याला नव्या खेळाडूंच्या निवडीत पहिला मान, हा तिथला नियम. म्हणून 2020 साली बरो त्यांना मिळाला. ओहायो राज्याच्याच अथेन्स परगण्यात वाढलेला, फुटबॉल प्रशिक्षकाचा मुलगा. लुइझियाना स्टेट विद्यापीठासाठी त्यानं एका हंगामात 60 टचडाउन फेकले होते आणि संघ पंधराच्या पंधरा सामने जिंकला होता. त्या वर्षी विद्यापीठांतल्या सर्वोत्तम खेळाडूचं हाइझमन पारितोषिक घेताना तो आपल्या परगण्यातल्या गरिबीबद्दल आणि शाळेतून घरी गेल्यावर ज्यांच्या ताटात काही नसतं अशा मुलांबद्दल बोलला. तेवढ्या बोलण्यावर अथेन्समधल्या अन्नछत्राकडे काही दिवसांत चार लाख डॉलरांहून अधिक देणग्या आल्या. सिनसिनाटीला आपल्या मातीतला नायक सापडला. पहिल्याच हंगामात, नोव्हेंबर 2020 मध्ये, वॉशिंग्टनच्या मैदानात त्याचा गुडघा फाटला.

पुढच्या हंगामाची गोष्ट सिनसिनाटीतली पोरंटोरंही सांगतील. गुडघा सांधून आलेला बरो साखळीत 51 वेळा लोळवला गेला, लीगमध्ये सर्वाधिक. तरी संघ बाद फेरीत पोचला. रेडर्सना 26-19 नं हरवून 31 वर्षांचं ग्रहण सुटलं. मग टेनेसी. त्या सामन्यात बरोला नऊ वेळा सॅक केलं. नऊ वेळा लोळवलेला क्वार्टरबॅक सामना जिंकतो, हे सहसा घडत नाही. ते घडलं, कारण शेवटची वीस सेकंदं उरली असताना बेंगल्सच्या लोगन विल्सननं प्रतिस्पर्ध्याचा पास पळवला आणि इव्हान मॅकफर्सन या नवख्या किकरनं 52 यार्डांवरून चेंडू खांबांमधून मारला. 19-16. पुढच्या आठवड्यात पॅट्रिक महोम्सच्या कॅन्सस सिटी चीफ्सविरुद्ध 3-21 अशा पिछाडीवरून जादा वेळेत 27-24. त्यातही उत्तरार्धात महोम्सला रोखलं ते बचावफळीनं, आणि जादा वेळेत त्याचा पास पळवला व्हॉन बेलनं.

सुपर बोल झाला 13 फेब्रुवारी 2022 ला, लॉस एंजेलिसच्या बाजूला. आपल्याकडे सोमवारची पहाट होती. रॅम्सनी 23-20 नं बाजी मारली. बरो सात वेळा सॅक झाला. शेवटच्या संधीला एक यार्ड हवा असताना रॅम्सचा आरोन डोनाल्ड पहिल्या फळीला भेदून त्याच्या अंगावर आला आणि चेंडू कुणाच्याच हाती न लागता पडला. तेव्हा सगळे म्हणाले, पोरगं पंचविशीचं आहे, पुन्हा येईल. असंच जानेवारी 1985 मध्ये सुपर बोल हरलेल्या मायामीच्या डॅन मारिनोबद्दल म्हटलं गेलं होतं. त्याच हंगामात त्यानं 48 टचडाउन फेकण्याचा विक्रम केला होता, वय तेविशीचं होतं. मारिनो 1999 पर्यंत खेळला. सुपर बोलला पुन्हा गेला नाही.

बरो निदान उंबरठ्यापर्यंत पुन्हा गेला. जानेवारी 2023 मध्ये बाल्टिमोर रेव्हन्सशी 17-17 अशी बरोबरी असताना प्रतिस्पर्धी गोलरेषेवर येऊन ठेपला होता. तिथे चेंडू सुटला, सॅम हबर्ड या सिनसिनाटीतच जन्मलेल्या गड्यानं तो उचलला आणि मैदानाच्या दुसऱ्या टोकापर्यंत 98 यार्ड धावला. बरो त्या वेळी बाकावरच होता. मग बफेलोच्या बर्फात, पहिल्या फळीतले पाचपैकी तीन गडी जायबंदी असताना, बिल्सवर 27-10 असा विजय. तो मात्र बरोच्या डोक्याचा आणि मनगटाचा. अखेर कॅन्सस सिटीत 20-20 असताना बेंगल्सच्या जोसेफ ओसाईनं सीमारेषेबाहेर गेलेल्या महोम्सला ढकललं, 15 यार्डांचा दंड बसला आणि 45 यार्डांच्या किकवर चीफ्स सुपर बोलला गेले.

या पाच विजयांपैकी किती बरोचे? एक किकर, एक हबर्ड, दोन-तीन पळवलेले पास वजा केले, तर काही विजय हातचे गेले असते. हे त्याचं मोठेपण कमी करायला म्हणत नाही. विजयात इतरांचा वाटा होता हे मान्य केलं, तरच पुढच्या पराभवांचा हिशेब सरळ मांडता येतो.

तो हिशेब पाहू. सप्टेंबर 2023 मध्ये बरोनं पाच वर्षांसाठी साडेसत्तावीस कोटी डॉलरांचा करार केला. वर्षाच्या सरासरीनं तो तेव्हा लीगमधला सर्वात महाग खेळाडू ठरला. पोटरी दुखावलेलीच होती, नोव्हेंबरमध्ये मनगट गेलं. संघ नऊ विजय, आठ पराभव अशा 9-8 वर थांबला. पहिला रिकामा जानेवारी दुखापतीच्या खात्यात.

दुसरा मात्र कुणालाही चक्रावून टाकणारा आहे. 2024 साली बरोनं 4,918 यार्डांचे पास फेकले, 43 टचडाउन केले. दोन्ही आकडे लीगमध्ये सर्वाधिक. त्याचा जुना विद्यापीठातला जोडीदार जामार चेस झेल, यार्ड आणि टचडाउन या तिन्हींत पहिला आला. आणि संघ? पुन्हा 9-8. बेंगल्सनी त्या हंगामात 33 किंवा जास्त गुण करून चार सामने गमावले: वॉशिंग्टनशी 33-38, रेव्हन्सशी 38-41 आणि 34-35, पिट्सबर्गशी 38-44. शेवटचे पाच सामने जिंकून आशा जिवंत ठेवली, तर अखेरच्या रविवारी चीफ्सनी आपले मुख्य गडी विश्रांतीला बसवले आणि डेन्व्हरनं त्यांना 38-0 नं झोडून शेवटची जागा घेतली.

मराठी वाचकाला हे समजवायला जानेवारी 1999 ची चेन्नई कसोटी पुरेशी आहे. पाकिस्तानविरुद्ध 271 चं लक्ष्य, पाठ दुखत असताना सचिनच्या 136 धावा, तो बाद झाला तेव्हा हव्या होत्या 17 आणि हातात तीन विकेट. उरलेल्यांनी चार धावा केल्या. बरोचा 2024 चा अख्खा हंगाम म्हणजे ती दुपार होती.

2025 नं उरलीसुरली शंका फेडली. दुसऱ्याच सामन्यात बरोच्या पायाचा अंगठा इतका दुखावला, की शस्त्रक्रिया करावी लागली. तो नव्हता त्या नऊ सामन्यांत संघ एक जिंकला. त्याच्या जागी आलेल्या जो फ्लॅकोनं, वय वर्षं चाळीस, काही कमी केलं नाही. जेट्सविरुद्ध संघानं 38 गुण केले आणि एका गुणानं हरला; पुढच्याच सामन्यात शिकागोविरुद्ध 42 केले आणि पाच गुणांनी हरला. सलग दोन सामन्यांत 80 गुण आणि पदरात शून्य. क्वार्टरबॅक बदलला तरी दुखणं तेच राहिलं, यापेक्षा स्वच्छ पुरावा कोणता हवा? बरो नोव्हेंबरअखेर परतला, रेव्हन्सना 32-14 नं हरवलं, पण गाडी सुटली होती. डिसेंबरात त्याच रेव्हन्सनी 24-0 नं उरलेली आशा संपवली आणि हंगाम 6-11 वर मिटला. त्याच सुमारास पत्रकारांपुढे बरो जे बोलला त्याचा सूर असा होता, की खेळायचं तर त्यात मजा यायला हवी. एकोणतिशीतला, शस्त्रक्रियांना सरावलेला माणूस असं बोलू लागला, की संघमालकांची झोप उडायला हवी.

बरोच्या बाजूनंही काही उणं आहेच. चेंडू जरा जास्तच वेळ हातात धरायची त्याची सवय जुनी आहे आणि तिची किंमत त्याच्या हाडांनी मोजली आहे. त्याच्या संघाची सुरुवात दरवर्षी रडतखडत होते. 2024 मध्ये पहिल्या पाचपैकी चार सामने हरल्यावर मागचे पाच जिंकूनही भागलं नाही, यात त्याचाही वाटा आहे. पण बचावफळी निवडणं, तिला पैसा देणं, तिच्यावर चांगला माणूस नेमणं ही क्वार्टरबॅकची कामं नव्हेत.

पैशाची सबब बेंगल्सकडे तयार असते. लीगनं प्रत्येक संघाच्या पगारखर्चाला मर्यादा घातली आहे; 2025 साली ती सुमारे 28 कोटी डॉलर होती. बरो, चेस आणि पास झेलणारा दुसरा गडी टी हिगिन्स या तिघांच्या करारांची वार्षिक सरासरी धरली, तर चाळीस टक्क्यांहून जास्त रक्कम तिथेच जाते. मग बचावाला उरतं काय, असा युक्तिवाद. तो लंगडा आहे. महोम्सला भरमसाट पैसे मोजूनही चीफ्सनी 2022 आणि 2023 अशा सलग दोन हंगामांत सुपर बोल जिंकला, कारण स्वस्तातले तरुण बचावपटू त्यांना निवडता आले. तारे महाग असतात तेव्हा पारख उत्तम लागते. बेंगल्सनी 2024 नंतर बचावाचा प्रशिक्षक लू अनारुमोला घालवलं, मुख्य प्रशिक्षक झॅक टेलरला ठेवलं आणि पुढचा हंगाम आणखी वाईट गेला. माणूस बदलून दुखणं गेलं नाही, याचा अर्थ दुखणं त्याच्या वरच्या मजल्यावर आहे.

खेळाच्या दुनियेत चेहरा दिसतो त्याला जाब विचारला जातो. पामरला विचारला, डाल्टनला विचारला, आता बरोला विचारताहेत. तीन क्वार्टरबॅक आले, मालकी एकाच घरात राहिली आणि सुपर बोलच्या विजयांचा आकडा 1968 पासून शून्यावर आहे. पुढच्या जानेवारीतही बरो टीव्हीसमोर दिसला, तर त्याला प्रश्न विचारू नका. तो ब्राउन कुटुंबाला विचारा.