दोन राजगड, एकच दगड

राजगढला राहतो म्हटले की पुण्याकडचे पाहुणे हमखास विचारतात, "म्हणजे महाराजांच्या राजगडाजवळ?" मग सांगावे लागते, की हा राजगढ धार जिल्ह्यातला, सरदारपूरशेजारचा. "अरेरे, फारच लांब!" म्हणून ते चहाचा कप उचलतात. या 'अरेरे'बद्दल मला चार शब्द बोलायचे आहेत. कारण हल्ली तो आमच्याच घरांतून ऐकू येतो.

गेल्या सुट्टीत नातवाने मला एका जाडजूड कादंबरीतला नकाशा दाखवला. त्या कल्पित जगात डोंगर जागा बदलतात, समुद्र येतो, परत जातो, आणि ही उलथापालथ मोजणारे एक स्वतंत्र शास्त्रही आहे. पोरगा हरखला होता. वर म्हणाला, "आबा, आपल्याकडे असलं काहीच नाही." चूक त्याची नाही. आम्ही त्याला कधी सांगितलेच नाही.

राजगढहून टांडा, बाग, कुक्षीची वाट धरा. पठार संपते, घाट उतरतो आणि बागेच्या परिसरात चुनखडीचे थर दिसू लागतात. त्यांत शिंपले सापडतात, शार्कचे दात सापडतात. सुमारे ९ कोटी वर्षांपूर्वी पश्चिमेकडून समुद्राचा एक फाटा नर्मदेच्या खोऱ्यात शिरला होता, त्याच्या या खुणा. समुद्र हटला आणि त्या जमिनीवर डायनासोरांनी अंडी घातली. बाग-कुक्षी भागातल्या अशा ९२ घरट्यांची आणि २५६ अंड्यांची नोंद २०२३च्या जानेवारीत प्रसिद्ध झाली. पुढे सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी लाव्हाचे थरावर थर पसरले. त्या खडकाला 'डेक्कन ट्रॅप' म्हणतात. ट्रॅप हा स्वीडिश भाषेतल्या पायरीवरून आलेला शब्द. त्या काळी ही सारी भूमी विषुववृत्ताच्या दक्षिणेला होती. ती उत्तरेकडे सरकत आली आणि आजही वर्षाला सुमारे ५ सेंटीमीटर, म्हणजे साधारण नखे वाढतात त्या चालीने, सरकतेच आहे. कादंबरीकाराने याहून अधिक काय रचले?

आता मुद्द्यावर येतो. महाराजांचा राजगड ज्या काळ्या दगडाचा, त्याच दगडाचे मांडूचे पठार, त्याच दगडाची देवासची टेकडी. पवारांचे घोडे अठराव्या शतकात माळव्यात आले. त्यांच्याआधी कोट्यवधी वर्षे हा कातळ इथे पोचला होता. आणि आमची माणसे वाडे विकताना म्हणतात, "आपण इथे पाहुणे, आपली माती तिकडे." कुठली माती, साहेब? काळी तर दोन्हीकडची, आणि एकाच कातळाची झिजून झालेली!

कोणी म्हणेल, दगडाच्या नात्यावर तुम्ही इथे हक्क सांगता की काय? मुळीच नाही. या डोंगरांवर भिलांचा वावर आपल्या कितीतरी आधीचा आहे. मी हक्क मागत नाही, ओळख मागतो. कुमार गंधर्व बेळगाव जिल्ह्यातून आलेले. १९४८ साली आजारपणात देवासला आले, अंथरुणावरून माळव्याची लोकगीते कान देऊन ऐकली आणि १९९२पर्यंत तिथलेच होऊन राहिले. त्यांनी 'अरेरे' म्हटले नाही.

२०२३च्या डिसेंबरात बातमी आली, की पाडल्या गावचे लोक शेतात सापडलेले गोल दगड कुलदेव म्हणून पुजत होते आणि ती डायनासोरांची अंडी निघाली. आपल्यातले शिकलेले लोक हसले. मला हसू आले नाही. त्या शेतकऱ्यांनी दगड जपले, शेताचा राखणदार मानून त्यांच्यापुढे नारळ फोडला. आमच्या घरी काय झाले ते ऐका. बागेकडून कधीकाळी आणलेला, पाठीवर पाच पाकळ्यांची नक्षी असलेला एक समुद्री जीवाश्म आमच्या शोकेसमध्ये चांदीच्या वाटीशेजारी आहे. कोणत्या शेतातला, कोणत्या थरातला, हे आता कोणालाच आठवत नाही. म्हणजे त्याची अर्धी गोष्ट आम्हीच पुसून टाकली. सांगा, अडाणी कोण?

तेव्हा मंडळी, मुलांना कल्पित जगाची पुस्तके जरूर द्या. मीही ती कादंबरी वाचणार आहे. पण एकदा त्यांना घाट उतरून न्या. दगड दाखवा, उचलू देऊ नका. आणि आपल्याला ठाऊक नसेल, तर तिथल्या एखाद्या शेतकऱ्याला त्याच्या बोलीत विचारा.

नातू या दिवाळीला येतोय. अंगणात किल्ला करायचा आहे, महाराजांचा राजगड. दगड कुठून आणायचा, असे त्याने फोनवर विचारले. म्हटले, परसातलाच घेऊ. अस्सल तोच आहे.