'गावातलं गावात मिटवू' म्हणणाऱ्यांनो, हा कायदा एकदा वाचा

गावात एखाद्या बाईवर 'हिनेच करणी केली' असा आळ आला की पुढचं सगळं ठरलेलं असतं. देवऋषी थेट नाव घेत नाही. 'पूर्वेकडच्या घरातली, एकटी राहणारी' एवढं म्हणतो. पुरतं तेवढं. शेजारी बोलायचे बंद होतात, हळदीकुंकवाला बोलावणं येत नाही, पोरांना तिच्या दारावरून जाऊ देत नाहीत. आणि तिनं धाडस करून पोलीस स्टेशनची वाट धरलीच, तर चार प्रतिष्ठित मंडळी आडवी येतात. 'गावातलं गावात मिटवू, कशाला नाव खराब करताय?'

मिटवायचं म्हणजे काय, तर आळ घेणाऱ्यानं हात जोडायचे, बाईनं 'झालं गेलं' म्हणायचं आणि देवऋष्याला कुणी काहीच विचारायचं नाही. त्याची गादी पुढच्या अमावास्येला पुन्हा सुरू!

या मंडळींना माझा साधा प्रश्न आहे. महाराष्ट्रात २०१३ पासून जादूटोणाविरोधी कायदा आहे. तो तुम्ही कधी वाचलाय का?

डॉ. नरेंद्र दाभोलकर या कायद्यासाठी वर्षानुवर्षे लढले. २० ऑगस्ट २०१३ ला पुण्यात सकाळी फिरायला गेले असताना त्यांना गोळ्या घातल्या. त्यानंतर काही दिवसांतच सरकारनं वटहुकूम काढला आणि डिसेंबरात नागपूरच्या अधिवेशनात कायदा मंजूर झाला. ज्या कायद्यासाठी माणूस गेला, तो आपण साधा उघडून बघू नये?

शिक्षा किमान ६ महिने ते ७ वर्षे. दंड ५ हजार ते ५० हजार रुपये. गुन्हा दखलपात्र आणि अजामीनपात्र. म्हणजे 'एनसी घेतो, तुम्ही कोर्टात जा' असं ठाणे अंमलदारानं सांगायचं कामच नाही. आणि एखादीवर 'ही जादूटोणा करते' असा ठपका ठेवून तिचं जगणं मुश्कील करणं, हे तर या कायद्याच्या अनुसूचीत स्वतंत्रपणे लिहिलेलं आहे. तेव्हा हे काही भाऊबंदकीचं भांडण नाही. हा गुन्हा आहे, आणि तो पारावर बसून मिटत नाही.

आता नेहमीचा आक्षेप. 'हा कायदा धर्माच्या विरोधात आहे.' वाचलेला नसला की असंच वाटतं. यात देव मानायला, नवस बोलायला, वारीला जायला कुठेही बंदी नाही. उलट कलम १२ मध्ये यात्रा, प्रदक्षिणा, हरिपाठ, कीर्तन, प्रवचन, भजन यांना स्पष्ट सूट दिलीय. मंदिर, दर्गा, गुरुद्वारा, चर्च ही नावं कायद्यात आहेत, पण ती सूट देणाऱ्या कलमात! वास्तुशास्त्र आणि ज्योतिषाचा सल्लासुद्धा सोडून दिलाय. माझ्यासारख्याला तर हीच तक्रार आहे की कायदा फार मवाळ केला. तरी काहींना तो टोचतोच. का टोचतो, ते ज्याचं त्यानं ओळखावं.

दुसरा आक्षेप : 'फसवणुकीचा कायदा होता की आधीपासून.' होता. पण बाबाकडे माणूस स्वतःहून जातो, स्वतःच्या हातानं पैसे ठेवतो, वर पायाही पडतो. त्यात फसवणूक सिद्ध करायला दमछाक होते. हा कायदा वेगळ्या जागी बोट ठेवतो. अंगात दैवी शक्ती आहे असं भासवून लोकांना भीती घालणं, भूत उतरवतो म्हणून मारहाण करणं, चटके देणं, मूल होईल असं सांगून बाईचं लैंगिक शोषण करणं, हेच गुन्हे आहेत. तुमच्या श्रद्धेवर खटला नाही. त्या श्रद्धेवर दुकान मांडणाऱ्यावर आहे.

सर्पदंशाचं घ्या. पावसाळ्यात शेतात साप चावला की अजून कित्येक ठिकाणी आधी मांत्रिक, मग दवाखाना. 'पण आमच्या बाबानं उतरवलंय हो विष!' अहो, आपल्याकडचे बहुतेक साप बिनविषारीच. नाग, मण्यार, घोणस, फुरसं हे चार मुख्य विषारी, आणि तेही प्रत्येक वेळी पुरेसं विष सोडतात असं नाही. म्हणजे मंत्र म्हणा नाहीतर पाढे म्हणा, बरेच जण वाचणारच होते. जे वाचले ते बाबाच्या नावावर, जे गेले ते नशिबाच्या नावावर. असा धंदा कधी तोट्यात जाईल का? घोणस चावलेल्या माणसाला लागतं ते प्रतिविष, आणि तेही वेळेत. तो वेळच मांत्रिक खातो. म्हणून साप, विंचू, कुत्रा चावल्यावर उपचार घेण्यापासून अडवून मंत्रतंत्र, गंडेदोरे करणं हाही गुन्हाच आहे.

आणि 'एवढं काय होतंय' म्हणणाऱ्यांनी मिरज तालुक्यातलं म्हैसाळ आठवावं. जून २०२२. एकाच कुटुंबातले ९ जण. आधी सगळे आत्महत्या म्हणाले. पोलिसांच्या तपासात मात्र गुप्तधन आणि मांत्रिकानं विष दिल्याची गोष्ट पुढे आली. त्या घरात शिक्षक होता, जनावरांचा डॉक्टर होता. तेव्हा 'हे अडाण्यांचं काम' म्हणून कुणी हात झटकू नयेत.

कायद्यानं निरीक्षक दर्जाच्या पोलीस अधिकाऱ्यालाच दक्षता अधिकारी म्हणून जबाबदारी दिलीय. तो आपल्या पोलीस स्टेशनला कोण आहे, हे ठळक अक्षरात बाहेर लावा. ग्रामसभेत अनुसूचीतली बाराही कलमं मोठ्यानं वाचा, पाच-दहा मिनिटांचं काम आहे. आणि प्रतिष्ठितांनो, पुढच्या वेळी त्या बाईच्या दारात आडवं उभं राहण्याऐवजी तिच्याबरोबर पोलीस स्टेशनपर्यंत चला.

गावाचं नाव तक्रारीनं खराब होत नाही. तक्रार दाबल्यानं होतं.

पटलं तर आपापल्या गावच्या ग्रुपवर टाका. नाही पटलं तर खाली मुद्दा लिहा, पण कायदा वाचून लिहा.