फौजेची तालीम: चार वर्षांनी अग्निवीर काय शिकून बाहेर पडणार?

अग्निपथ योजना १४ जून २०२२ रोजी जाहीर झाली आणि २०२३ च्या सुरुवातीला पहिल्या तुकडीचे प्रशिक्षण सुरू झाले. हिशेब सोपा आहे. २०२६ सरता सरता आणि २०२७ च्या सुरुवातीला या पहिल्या मुलांची चार वर्षे पुरी होतात. योजनेच्या मूळ नियमाप्रमाणे त्यांतली जास्तीत जास्त २५ टक्के मुले कायम सेवेत जातील. बाकीची बाविशी-पंचविशीतली मुले पुन्हा घरी येतील आणि नोकरी शोधायला लागतील.

या योजनेवर घराघरांत जी चर्चा होते ती बहुतेक पैशांची असते. पहिल्या वर्षी महिन्याला ३० हजार, चौथ्या वर्षी ४० हजार आणि बाहेर पडताना व्याजासह सुमारे ११ लाख ७१ हजारांचा सेवा निधी, असे आकडे जाहीर झाले होते. पैसा महत्त्वाचा आहेच. पण ११ लाख संपायला किती दिवस लागतात? एक लग्न, घराचे थोडे बांधकाम, एक मोटरसायकल, झाले. त्यानंतर मुलाजवळ उरते ते त्याने चार वर्षांत शिकलेले. म्हणून आज विचारायचा प्रश्न हा आहे की फौज या मुलांना शिकवते काय, आणि त्यात लिहिण्या-वाचण्याला, विशेषतः इंग्रजीला, जागा किती आहे?

आपल्या घरांत 'तालीम' या शब्दाचे दोन अर्थ चालतात. मराठीत तालीम म्हणजे आखाडा, जोर-बैठका, लाल माती. उर्दूत तालीम म्हणजे शिक्षण. भरतीला निघालेल्या मुलाकडून आपण पहिली तालीम अगदी कसून करून घेतो. पहाटे उठून १६०० मीटर धावणे, छाती मोजणे, बीम मारणे, सगळे होते. दुसरी तालीम मात्र 'आत गेल्यावर शिकवतीलच की' म्हणून सोडून दिली जाते.

फौजेच्या शाळेतून निघालेले एक घर

आत गेल्यावर शिकवतात, हे खोटे नाही. फौज आणि शाळा यांचे नाते जुने आहे. महाराष्ट्राला त्याचे सर्वांत मोठे उदाहरण माहीत आहे. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे वडील रामजी सकपाळ लष्करात होते आणि लष्कराच्याच शाळेत १४ वर्षे मुख्याध्यापक होते. त्या काळी लष्करी वस्तीत शिपायांच्या मुलांना शिक्षण मिळत असे. बाहेरच्या गावात ज्यांना शाळेच्या दारात उभे करत नव्हते, त्यांच्या हातात छावणीत पाटी आली. १४ एप्रिल १८९१ ला बाबासाहेबांचा जन्म झाला तोही महूच्या छावणीत. वडील इंग्रजी आणि गणिताबद्दल किती आग्रही होते, हे त्यांच्या चरित्रांत वाचायला मिळते. पुढे काय झाले ते सांगायला नको.

मुंबई इलाख्याच्या पलटणींत मराठे आणि महारांबरोबर दख्खनी मुसलमान शिपाईही होते. इंग्रजांच्या काळात फौजेची बोली हिंदुस्तानी होती आणि ती रोमन अक्षरांत लिहायला शिकवली जाई. 'फौजी अखबार' हे सैनिकांचे पत्र २ जानेवारी १९०९ रोजी सुरू झाले. १९५४ मध्ये त्याचे नाव 'सैनिक समाचार' झाले. ते १३ भाषांत निघत आले आहे, त्यांत मराठीही आहे आणि उर्दूही. पहिल्या महायुद्धात फ्रान्सला गेलेले कितीतरी हिंदी शिपाई घरची चिठ्ठी दुसऱ्याकडून लिहून घेत. त्या चिठ्ठ्या आधी लिहिणारा वाचे, मग सेन्सॉरवाला वाचे, मग गावातला एखादा जाणता वाचून दाखवे. ज्याला अक्षर येत नाही त्याचे खासगी असे काही राहत नाही, हे त्या पिढीने भोगले.

स्वातंत्र्यानंतर हे शिकवण्याचे काम आर्मी एज्युकेशन कोअर करते. तिचे प्रशिक्षण केंद्र मध्य प्रदेशात पचमढीला आहे. नकाशा वाचणे, भाषा, सामान्य शिक्षण, बढतीसाठी लागणाऱ्या परीक्षा, हे सगळे या यंत्रणेकडे येते.

अफगाणिस्तानचा धडा

अलीकडच्या काळात सैनिकांना अक्षरओळख करून देण्याचा एक मोठा प्रयोग अफगाणिस्तानात झाला. तो आपण नीट पाहायला हवा, कारण त्यात यश आणि अपयश दोन्ही आहेत.

२००९ च्या नोव्हेंबरमध्ये नाटोने अफगाण फौज आणि पोलीस उभे करण्यासाठी वेगळी प्रशिक्षण मोहीम सुरू केली. भरतीला येणाऱ्या तरुणांपैकी जेमतेम १४ टक्क्यांना लिहिता-वाचता येत होते. या मोहिमेचे प्रमुख लेफ्टनंट जनरल विल्यम कॉल्डवेल यांचे म्हणणे साधे होते. ज्याला आपल्या बंदुकीवरचा नंबर वाचता येत नाही, त्याला त्या बंदुकीचा जबाब कसा विचारणार? नाक्यावरच्या पोलिसाला गाडीची नंबरप्लेट आणि ओळखपत्र वाचता येत नसेल, तर तो तपासणार काय?

मग दारी आणि पश्तोचे वर्ग सुरू झाले. शिकवायला स्थानिक अफगाण शिक्षक घेतले. तीन पायऱ्या ठरवल्या. पहिल्या पायरीत अक्षरे आणि हजारापर्यंत आकडे, दुसरीत गुणाकार-भागाकार आणि मापे, तिसरीत वाचून समजणे आणि स्वतः लिहिणे. तिन्ही मिळून सुमारे ३१२ तासांचा अभ्यास. शिकलेले जवान गणवेशाच्या खिशाला पेन लावून मिरवत, अशा बातम्या तेव्हा येत होत्या.

आकडे कळणे म्हणजे काय, याचे एक उदाहरण तर फार बोलके आहे. २००९ मध्ये वर्दक प्रांतात काही पोलिसांचा पगार मोबाईलवरून थेट त्यांना देऊन पाहिला. तेव्हा काही पोलिसांना वाटले की आपला पगार वाढला. पगार तेवढाच होता. आधी रोख रक्कम वरिष्ठांच्या हातून येई आणि वाटेतच कापली जाई. आपला पगार किती, हे स्वतः पाहता न येणाऱ्या माणसाला लुटणे किती सोपे असते, ते यातून दिसले.

एवढे असूनही योजना लंगडी पडली. अमेरिकी खर्चावर नजर ठेवणाऱ्या 'सिगार' या तपास कार्यालयाने जानेवारी २०१४ मध्ये अहवाल दिला. साक्षरतेच्या तीन कंत्राटांची मर्यादा २० कोटी डॉलर होती. २०१४ अखेर सगळ्यांना पहिली पायरी आणि निम्म्यांना तिसरी पायरी गाठून द्यायची, असे ठरले होते. पण हे ध्येय ठरवले तेव्हा दलाची संख्या १ लाख ४८ हजार धरली होती, पुढे ती ३ लाख ५२ हजारांवर नेली. कंत्राटदाराने 'इतके पास झाले' म्हटले की झाले, बाहेरच्या कुणी परीक्षा घेऊन खात्री करण्याची सक्तीच नव्हती. जुलै २०१२ ते फेब्रुवारी २०१३ या काळात भरती झालेल्या पोलिसांपैकी सुमारे ४५ टक्के एकही वर्ग न करता थेट कामावर पाठवले गेले. दरवर्षी मोठ्या संख्येने माणसे दल सोडून जात, त्यांच्याबरोबर शिकलेलेही जाई. फेब्रुवारी २०१३ मध्ये निम्म्याहून अधिक दल अजून निरक्षर होते, असा अधिकाऱ्यांचाच अंदाज होता.

इंग्रजीची गाठ त्याहून अवघड होती. अमेरिकेने हवाई दलाला नवी विमाने दिली, नंतर ब्लॅक हॉक हेलिकॉप्टर दिली. त्यांची माहितीपुस्तके इंग्रजीत. ज्या तरुणाला मुळात स्वतःच्या भाषेत वाचायची सवय नाही, तो इंग्रजी मॅन्युअल पाहून इंजिन कसे उघडणार? त्यामुळे दुरुस्तीचे मोठे काम परदेशी कंत्राटदारांकडेच राहिले. २०२१ मध्ये ते कंत्राटदार निघून गेले. १५ ऑगस्ट २०२१ ला काबूल पडले. त्या पाडावाची कारणे अनेक आहेत, भ्रष्टाचार, राजकारण, मोडलेले मनोबल. पण घाईने उरकलेली तालीम हीसुद्धा त्या साखळीतली एक कडी होती.

या कहाणीचा एक धागा आपल्या देशापर्यंत येतो. अफगाण कॅडेट आपल्या लष्करी प्रबोधिनींत शिकायला येत, पुण्याजवळच्या खडकवासल्याची एनडीएही त्यांत आहे. काबूल पडल्यावर इथले काही तरुण अधिकारी अडकून पडले. ज्या फौजेसाठी शिकले ती फौजच राहिली नाही. २०२२ च्या फेब्रुवारीत भारताने अशा ८० जणांना १२ महिन्यांचा इंग्रजी संभाषणाचा कोर्स देऊ केला. गणवेश गेल्यावर पोटापाण्यासाठी हाती द्यायची पहिली वस्तू म्हणून इंग्रजीच निवडली गेली, यात खूप काही आले.

आपल्या मुलांचे काय?

आपला देश अफगाणिस्तान नाही. इथे जनरल ड्युटीच्या भरतीलाच दहावी पास लागते, तीही किमान ४५ टक्क्यांनी. अक्षरओळखीचा प्रश्न इथे नाही. प्रश्न पुढच्या पायरीचा आहे.

२०२५ च्या भरतीपासून अग्निवीरांची सामायिक प्रवेश परीक्षा १३ भाषांत घेतली जाते. त्यांत मराठी आणि उर्दू दोन्ही आहेत. ही फार चांगली गोष्ट झाली. रत्नागिरीच्या मराठी शाळेतला मुलगा आणि मालेगावच्या उर्दू शाळेतला मुलगा, दोघांनाही आता आपल्या भाषेत पेपर देता येतो. पण दार उघडले म्हणून आतले सगळे मराठीत किंवा उर्दूत होईल, असे नाही. रोजची बोली हिंदी, आणि कागदपत्रांचे, यंत्रांचे, तांत्रिक कोर्सचे काम बरेचसे इंग्रजीत.

ऑफिस असिस्टंट आणि स्टोअर कीपर या जागांचे नियमच पाहा. बारावीला एकूण ६० टक्के, प्रत्येक विषयात ५० टक्के, आणि इंग्रजीत ५० टक्के सक्तीचे. पेपरमध्ये इंग्रजीचा वेगळा भाग. वर टायपिंगची चाचणी. म्हणजे धावण्यात पहिला आलेला मुलगासुद्धा इंग्रजीत ४५ वर अडकला, तर या जागेसाठी फॉर्मच भरू शकत नाही. आणि चार वर्षांनी बाहेर आल्यावर गोदाम, हिशेब, ऑफिस अशा कामांत अनुभव दाखवता येतो तो याच जागांचा.

सरकारने शिक्षणाच्या दोन सोयी जाहीर केल्या आहेत आणि त्या आपल्या घरांत फारशा माहीत नाहीत. दहावी पास अग्निवीराला सेवेत असतानाच एनआयओएस, म्हणजे राष्ट्रीय मुक्त विद्यालयातून बारावी करता येते. आणि इग्नूमार्फत तीन वर्षांची पदवी आहे, तिचे निम्मे श्रेयांक सेवेतल्या प्रशिक्षणाचेच धरले जातात, उरलेले निम्मे विषय शिकून मिळवायचे असतात. पण अफगाणिस्तानचा धडा इथेच लागू होतो. नाव नोंदवले म्हणजे शिकला असे होत नाही, आणि प्रमाणपत्र हातात आले म्हणजे वाचता आले असेही होत नाही. पोस्टिंग, सराव, ड्युटी यांतून अभ्यासाला वेळ किती मिळतो, परीक्षा कशी घेतली जाते, किती मुले खरोखर पदवीपर्यंत पोहोचतात, याचा हिशेब दरवर्षी जाहीर व्हायला हवा. खासदारांनी संसदेत विचारावा असा हा प्रश्न आहे.

तोवर घरच्यांनी काय करायचे? भरतीची तयारी सुरू झाली की रोज धावण्याच्या वेळेइतकाच वेळ इंग्रजी वाचण्याला द्यायचा. मोठमोठे निबंध नकोत. फॉर्म, पगाराची स्लिप, बँकेचा मेसेज, विम्याचा कागद, एखाद्या मशीनवरच्या सूचना, एवढे स्वतः वाचून अर्थ सांगता आला पाहिजे. अग्निवीराला ४८ लाखांचे विमा संरक्षण आहे. त्याचे कागद मुलाला आणि घरातल्या एकाला तरी समजले पाहिजेत. मुलगा भरती झाला की पहिल्याच वर्षी बारावीची किंवा पदवीची नोंदणी झाली का, ते फोनवर विचारायचे. चौथ्या वर्षी विचारून उपयोग नाही. आणि लष्करी पोलीस दलात मुलींचीही अग्निवीर म्हणून भरती होते, तेव्हा हे सगळे लेकींनाही तितकेच लागू आहे.

मशिदीच्या हॉलमध्ये, मोहल्ल्याच्या लायब्ररीत, शाळेच्या एखाद्या रिकाम्या वर्गात संध्याकाळी दीड तास असा वर्ग चालवता येतो. खर्च जवळजवळ काहीच नाही. आपल्याकडे निवृत्त शिक्षक आहेत, निवृत्त जवानही आहेत. मैदानावर पहाटे शिट्टी वाजवणारे उस्ताद गावोगाव सापडतात. संध्याकाळी पुस्तक उघडून बसवणारा एकेक माणूस आता प्रत्येक मोहल्ल्याला शोधायचा आहे.