भूकंपाच्या पिशवीत औषधे आधी

कोयनेचा भूकंप ११ डिसेंबर १९६७ रोजी झाला, किल्लारीचा ३० सप्टेंबर १९९३ रोजी. दोन्ही पहाटेचे, माणसे गाढ झोपेत होती. अशा वेळी हाताला लागेल तेवढेच बरोबर येते. म्हणून पाणी, बॅटरी, शिट्टी, सुका खाऊ भरलेली पिशवी दाराजवळ ठेवावी, हे योग्यच. पण या यादीत औषधे शेवटी येतात. ती आधी यायला हवीत.

बिस्किटे शेजारीही देईल. फिट्सवरची रोजची गोळी मात्र उसनी मिळत नाही आणि ती अचानक बंद झाली, तर पुन्हा झटके येऊ शकतात. रक्तदाब, मधुमेह, दम्याच्या औषधांतही खंड पडणे धोक्याचेच. प्रत्येक रुग्णाची सात दिवसांची औषधे आणि डॉक्टरांच्या चिठ्ठीची प्रत पिशवीत असावी. दर महिन्याला नव्या गोळ्या पिशवीत ठेवून जुन्या वापरायला काढाव्यात, म्हणजे मुदत उलटत नाही.

पण सरकारी दवाखान्यातल्या मोजक्या गोळ्यांवर महिना काढणाऱ्याने हा साठा कुठून करायचा? भूकंपप्रवण तालुक्यांतील प्राथमिक आरोग्य केंद्रांनी अशा रुग्णांना एका आठवड्याची औषधे जादा द्यावीत. तयारीचा उपदेश त्यानंतरच शोभेल.