घटाची माती आणि वेधशाळेचा अंदाज

आश्विन शुद्ध प्रतिपदेस केडगावच्या रेणुकामातेचे घट बसतात आणि नगरकरांची पावले पहाटेपासून या वाटेस लागतात. घरोघरी शेतातील माती पत्रावळीवर पसरून तीत धान्य पेरले जाते. ते कसे रुजते यावरून रब्बीच्या बियाण्याचा ठोकताळा वडीलधारी मंडळी बांधीत. याच सुमारास सूर्य हस्त नक्षत्रात येतो. पर्जन्यछायेतील आमच्या जिल्ह्यात ज्वारीची पेरणी हस्ताच्याच ओलीवर होते.

परंतु हा पाऊस कधी कोपतोही. 2025 साली 22 सप्टेंबरला घटस्थापना झाली. त्याच आठवड्यात नगरजवळ उगम पावणाऱ्या सीनेला महापूर येऊन माढा-करमाळ्याकडील गावे पाण्याने वेढली गेली.

अशा वेळी वेधशाळेचा इशारा ऐकणे म्हणजे देवीवरील श्रद्धेत उणेपणा, असे काही भाविकांस वाटते. आम्हांस ते मान्य नाही. वराहमिहिराने बृहत्संहितेत पाऊस मोजण्यासाठी हातभर रुंदीचे पात्र सांगितले आहे. आकाशाकडे पाहणे आणि पाणी मोजणे आपल्याकडे अधर्म कधीच नव्हते. नक्षत्राचे वाहन बेडूक की म्हैस, याची चर्चा आम्हीही आवडीने करतो. मात्र एक नक्षत्र तेरा-चौदा दिवसांचे असते आणि खळ्यावर पडलेल्या बाजरीस उद्याचे पाणी कळावे लागते.

‘वेधशाळा नेहमी चुकते’ ही तक्रारही पुरती खरी नाही. ‘तुरळक ठिकाणी’ याचा तिच्या परिभाषेत अर्थ, विभागातील फार तर चतुर्थांश केंद्रांवर पाऊस. आपले शिवार कोरडे राहिले म्हणून अंदाज फसला असे होत नाही. ‘जोरदार’ म्हणजे चोवीस तासांत 64.5 मिलिमीटरहून अधिक. नारिंगी किंवा लाल इशारा असल्यास तर हयगय नकोच.

म्हणून आमची सूचना अशी की, नवरात्रात सायंआरतीनंतर ध्वनिक्षेपकावरून दुसऱ्या दिवसाचा अंदाज वाचून दाखवावा. विजांची पूर्वसूचना देणारे ‘दामिनी’ हे साधन पुण्याच्याच उष्णदेशीय हवामान संस्थेने सिद्ध केले आहे. घरातील तरुणांनी ते भ्रमणध्वनीवर घ्यावे. कारण अनवाणी दर्शनास निघालेली आजी पाऊस आला की पहिल्यांदा झाडाखालीच उभी राहते, आणि तिला तेथून हलवणारे कोणी तरी बरोबर असले पाहिजे.