सोयीचं लग्न

उल्हासनगरच्या कॅम्पात एक रद्दीवाला इंग्रजी कादंबऱ्या वजनावर विकतो. दोन किलोत सात-आठ येतात. माझी भाची त्या घेऊन घरी येते आणि सगळ्यांत आधी वर्तमानपत्राचं कव्हर घालते. कारण लेडीज डब्यात शेजारची बाई आधी पुस्तकाच्या चित्राकडे बघते आणि मग वाचणारीकडे. चित्रात बहुतेक वेळा शर्टाची बटणं उघडी टाकलेला एखादा ड्यूक असतो.

भाची अंबरनाथला राहते आणि ठाण्याला नोकरीला जाते. वय चौतीस. जागा मिळावी म्हणून आधी उलटं बदलापूरला जायचं आणि तिथून भरलेल्या गाडीत बसून परत यायचं, हा तिचा रोजचा क्रम. तेवढ्या वेळात तिचं एखादं प्रकरण वाचून होतं.

या कादंबऱ्यांचा काळ ठरलेला, 1811 ते 1820. इंग्लंडचा राजा भ्रमिष्ट झाला होता आणि मुलगा त्याच्या नावाने कारभार बघत होता. आपल्याकडे 1818मध्ये पेशवाई बुडाली, तेव्हा तिकडे हे नाच आणि चहापान चाललेलं होतं असं समजा. कथाही ठरलेली. त्याला वारसाहक्कासाठी बायको हवी किंवा कर्ज फेडायला पैसा हवा. तिला डोक्यावर छप्पर हवं. दोघं अटी ठरवून लग्न करतात. प्रेम करायचं नाही ही पहिली अट, आणि दोनशेव्या पानापर्यंत तीच मोडते.

मी पूर्वी या पुस्तकांना हसायचे. आता हसत नाही, त्याचं कारण सांगते.

जॉर्जेट हेयर ही या प्रकारच्या कादंबऱ्यांची मूळ लेखिका मानली जाते. तिची 1961ची एक कादंबरी आहे, 'अ सिव्हिल काँट्रॅक्ट', म्हणजे दिवाणी करार. युद्धावरून परतलेला एक तरुण उमराव, बापाने करून ठेवलेलं कर्ज, गहाण पडलेली वडिलोपार्जित जागा. एक श्रीमंत व्यापारी त्याला वाचवायला तयार होतो, पण मुलगी द्यायच्या बोलीवर. उमरावाचं मन दुसरीकडे गुंतलेलं. व्यापाऱ्याची जेनी दिसायला साधी, घर मात्र नीट चालवणारी. शेवटी आकाशातून फुलं वगैरे पडत नाहीत. एवढंच होतं की त्याला कळतं, या बाईबरोबर आपलं बरं चाललंय.

नाव वाचून भाची मला म्हणाली, "खाला, हे तर आपलंच की!" खरंच आपलं होतं. 1886मध्ये अलाहाबाद हायकोर्टाचे न्यायमूर्ती महमूद यांनी अब्दुल कादिर विरुद्ध सलीमा या खटल्यात लिहून ठेवलं की मुसलमानांचं लग्न हा संस्कार नाही, तो निव्वळ दिवाणी करार आहे. त्याच निकालात मेहरची तुलना विक्रीतल्या किमतीशी केली आहे. ती मला तेव्हाही आवडली नव्हती, आताही नाही. पण कराराची गोष्ट खरी आहे. एकाने विचारायचं, दुसऱ्याने कबूल म्हणायचं, साक्षीदार हवेत, मेहर ठरलेला हवा. आणि करार म्हटला की त्यात अटी घालता येतात.

आपण घालतो का? आमच्याकडे येणाऱ्या छापील निकाहनाम्यात नावं, वयं आणि मेहरची रक्कम भरतात. उरलेल्या जागेवर आडवी रेघ मारतात. मेहरसुद्धा नगद की उधार, हे घाईघाईत ठरतं. गंमत म्हणजे अरबीत नगद मेहरचा शब्द आणि उधार मेहरचा शब्द, दोन्ही आपल्या तोंडात 'मुअज्जल' असेच येतात. एकात ऐन आहे, दुसऱ्यात हमजा, आणि उच्चारात फरक राहत नाही. माझा मेहर यातला कुठला, हे मला लग्नाच्या अकराव्या वर्षी कळलं.

मराठीत म्हण आहे, सोय जाणे तो सोयरा. म्हणजे सोयरिकीच्या पोटातच सोय बसलेली आहे. तरी कुणी 'सोयीचं लग्न' म्हटलं की आपण नाक मुरडतो. बायोडेटात मात्र 'बदलापूरला स्वतःचा फ्लॅट' हे मुलाच्या शिक्षणाच्या वरच्या ओळीत असतं. मुलीचा पगार विचारतात, कारण कर्ज दोघांच्या नावावर जास्त मिळतं. महाराष्ट्रात 2021पासून घर फक्त बाईच्या नावावर घेतलं तर मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलत आहे. अनेक नवऱ्यांच्या मनात बायकोबद्दलचा आदर नोंदणी कार्यालयाच्या रांगेत जागा होतो, तो यामुळेच. ही सगळी सोयच आहे. फक्त ती कुणाची, हे मोठ्याने बोलायचं नाही. त्याला आपण पसंती म्हणतो, खानदान म्हणतो.

त्या इंग्रज बायकांची स्थिती कायद्याने आपल्याहून वाईट होती. लग्न झालं की तिची रोकड, दागिने, कमाई नवऱ्याची. 1870 आणि 1882च्या कायद्यांनी ते बदललं. म्हणून पैसेवाले बाप लग्नाआधी वकील बसवून लिहून घ्यायचे की हातखर्चाला वर्षाला किती आणि विधवा झाली तर किती. मुसलमान बाईची मालमत्ता लग्नानंतरही तिचीच, हे आमच्याकडे शेकडो वर्षांपासून आहे. मग आम्ही काय केलं? हक्कसोडपत्र शोधून काढलं. भावाच्या नावावर घर करून द्यायचं आणि माहेरचा दरवाजा उघडा राहील अशी आशा धरायची.

माझ्या भाचीनेही अंबरनाथच्या घरावरचा हक्क असाच सोडला, वडील गेल्यावर, भावासाठी. त्या कागदावर साक्षीदार म्हणून सही माझी आहे. मी तो पूर्ण वाचलाही नव्हता. आज ती त्याच घरात राहते, आणि दुधाची पिशवी कुणी जास्त वापरली याचा हिशोब ऐकते.

आता बदलापूरहून एक स्थळ आलंय. बायको वारलेली, सहा वर्षांची मुलगी, स्वतःचा फ्लॅट. त्याला घर सांभाळणारी हवी आहे. हिला स्वतःचं घर हवं आहे. दोघं एकदा स्टेशनबाहेर चहा प्यायले. त्याने सरळ सांगितलं की मुलीला तिच्या आजोळी पाठवायला कुणी सांगायचं नाही. हिनेही सांगितलं की नोकरी सोडणार नाही, आणि मेहर म्हणून फ्लॅटचा अर्धा हिस्सा माझ्या नावावर हवा. तो विचारात पडला, पण रागावला नाही. रागावले बाकीचे. "निकाह करतेय की दुकान टाकतेय?" हे तिच्या भावाचं वाक्य. "प्रेम नाही, माया नाही, नुसता हिशोब," हे माझ्या बहिणीचं. जिच्या लग्नात कपाट, पलंग आणि स्कूटर मोजून गेली, तिचं.

मला कादंबऱ्यांशी भांडायचं आहे ते इथे. त्यात प्रेम हटकून येतं. ते आलं की अटींचा कागद फाडून शेकोटीत टाकतात आणि वाचणारी खूश होते. जेन ऑस्टिनने असं केलं नव्हतं. तिच्या 1813च्या 'प्राइड अँड प्रेज्युडिस'मध्ये शार्लट लुकस नावाची सत्तावीस वर्षांची मुलगी एका बडबड्या, खुशमस्कऱ्या पाद्र्याशी डोळे उघडे ठेवून लग्न करते. तिला पुढे प्रेमबिम मिळत नाही. तिला घर मिळतं, कोंबड्या मिळतात आणि बसायला एक वेगळी खोली मिळते. नवरा बागेत काम करत राहील याची ती काळजी घेते. शाळकरी वयात मला तिची कीव आली होती. आता वाटतं, ती खोली तिने मिळवली होती.

प्रेम येऊ नये असं कोण म्हणेल? भाचीलाही ते हवंच आहे. चौतीस वर्षांची झाली म्हणून तेवढी हौस सुटत नाही, नाहीतर तिने दोन-दोन किलो कादंबऱ्या कशाला आणल्या असत्या? पण प्रेम आलं तरी कागद फाडू नये, एवढंच मी तिला सांगितलं. नाही आलं तर तो लागेलच. पदरी पडलं पवित्र झालं, हे बायकांनी पुष्कळ म्हणून झालं.

येत्या रविवारी बदलापूरला बोलणी आहेत. भाचीने तिच्या अटी एका फुलस्केपवर उतरवल्या आहेत आणि त्याच्या मुलीची अट सगळ्यात वर, एक नंबरला लिहिली आहे. फ्लॅटच्या मुद्द्यावर त्याचा मोठा भाऊ अडून बसणार, हे नक्की. मीही जाणार आहे. या वेळी चष्मा पर्समध्ये आत्ताच टाकून ठेवलाय.