दिशाभूल : झालेली आणि केलेली

भिलाईच्या कार्यालयांत ज्याला ‘गुमराह करना’ म्हणतात, ती मराठी माणसाची दिशाभूल. दोन्ही शब्द मुळात प्रवासाचे. फारसीत ‘गुम’ म्हणजे हरवलेला, ‘राह’ म्हणजे वाट. मराठीने संस्कृत ‘दिशा’ला प्राकृत ‘भुल्ल’च्या कुळातील ‘भूल’ जोडली. छत्तीसगडी लोकसमजुतीतला ‘भूलन कांदा’ त्याच कुळातला. या वनस्पतीवर पाय पडलेला माणूस रानात वाट विसरतो आणि दुसऱ्याचा स्पर्श होईपर्यंत भानावर येत नाही, असे मानतात.

रानातल्या भुलीला कोणी गुन्हेगार नसतो. राजकारणातल्या भुलीला असतो. म्हणूनच ‘दिशाभूल झाली’ आणि ‘दिशाभूल केली’ यांतला फरक केवळ व्याकरणाचा नाही, तो उत्तरदायित्वाचा आहे. संसदीय संकेतही त्यावरच उभा आहे. मंत्र्याचे विधान चुकीचे निघाले, एवढ्याने विशेषाधिकारभंग होत नाही. ते जाणूनबुजून केले हे दाखवावे लागते. निव्वळ चूक निदर्शनास आणण्यासाठी लोकसभा अध्यक्षांचा ११५ वा निर्देश आहे. ब्रिटनमध्ये १९६३ साली जॉन प्रोफ्युमो यांनी सभागृहाची दिशाभूल केल्याचे कबूल करून मंत्रिपद सोडले. अशी कबुली दुर्मीळ. हेतू सिद्ध करणे अवघड असल्याने ‘केली’चे ‘झाली’ करून निसटणे सोपे जाते.

तेव्हा फायलीवर ‘दिशाभूल झाली’ असा शेरा मारणाऱ्याने ती कोणी केली, हेही लिहावे. भूलन कांद्याची भूल दुसऱ्याच्या स्पर्शाने उतरते. लोकशाहीत ते काम प्रश्न विचारणाऱ्याचे आहे.